सहगायिका

सूर्यभान खिल्लारेंनी त्र्याऐंशी सालचा गठ्ठा सोडला आणि चष्मा पुसून पुन्हा बसले. सकाळपासून हा आठवा गठ्ठा. समोर त्यांची मुलगी संघप्रिया अर्ज घेऊन बसली होती. अर्ज तिच्या आईचा, सत्यशीलाबाईंचा, वृद्ध कलावंतांच्या मानधनासाठी. सगळे रकाने भरून झाले होते, एकच उरला होता: कलावंत असल्याचा छापील पुरावा. उद्या शेवटची तारीख.

आता ह्या घरात छापील पुरावा मिळू नये, म्हणजे कमालच म्हणायची! परभणीतल्या ह्याच खोलीतून सूर्यभाननी सेहेचाळीस वर्षं 'जलसा-वार्ता' काढलं. शाहिरांचं, गायन पार्ट्यांचं, कलापथकांचं मासिक. कुठल्या गावात कार्यक्रम ठरलाय, कोणत्या पार्टीला पेटीवाला पाहिजे, कुणाला ढोलकी विकायचीय, सगळं त्यात. जिंतूर-सेलूकडचे कितीतरी म्हातारे कलावंत ह्याच अंकांच्या झेरॉक्स जोडून मानधन घेताहेत. परवाच पिंगळीचा एक ढोलकीवाला येऊन पाया पडून गेला.

"सेलूचा कार्यक्रम बघा बाबा," संघप्रिया म्हणाली. "आई म्हणती, तिथं लोकांनी तिला एकच गाणं तीनदा म्हणायला लावलं होतं."

सेलूचा कार्यक्रम सापडला. सूर्यभान खुशीत येऊन मोठ्यानं वाचायला लागले. पेटीवर परमेश्वर, ढोलकीवर बालाजी, झांजेवर कोण, कोरसला कोण, सगळे नावानिशी. मग पुढची ओळ आली. 'सहगायिकेने तीन वेळा वन्समोअर घेतला.'

"सहगायिका म्हणजे कोण?"

"तुझी आई. दुसरं कोण?"

"मग नाव?"

सूर्यभाननी अंक मांडीवर ठेवला. "आपल्याच मासिकात आपल्याच बायकोचं नाव कसं छापायचं? लोक म्हणले असते, घरच्यांना मिरवायला मासिक काढलं. पहिल्या अंकापासूनचा नेम हाय आपला."

"तुमचं नाव हाय की. संपादक म्हणून, पहिल्याच पानावर, दर महिन्याला." संघप्रियाचा आवाज चढला. "अन् खाली बघा, लाऊडस्पीकरवाल्याचं बी हाय."

सूर्यभाननी बघितलं. होतं.

माणूस खोटा नव्हता हो. कुणाकडून चहासुद्धा न घेता त्यांनी बातम्या छापल्या. ह्या नेमाचा तर त्यांना अभिमान होता, चार लोकांत सांगायचे. आता मात्र ते घाईघाईनं पुढचे गठ्ठे ओढायला लागले. चौऱ्याऐंशीचा सोडला, पंच्याऐंशीचा सोडला. सगळीकडे सहगायिका. जन्मभर छपाईतल्या चुकांवर डोळ्यांत तेल घालून पहारा दिलेला हा माणूस आज एखादी चूक सापडावी म्हणून पानं उलटत होता.

सत्यशीलाबाई दारात येऊन उभ्या राहिल्या. एवढा वेळ त्या आतच होत्या. मानधनाचं त्यांना फार नव्हतं. सरकारी कागदावर आपल्या नावापुढं 'गायिका' असं लिहून येईल, एवढ्यासाठी अर्ज भरायला त्या तयार झाल्या होत्या.

"कशाला उगं धूळ काढायलात?" त्या म्हणाल्या. "न्हाई सापडायचं."

"असंल कुठंतरी. कंपोझिटरनं चुकून घातलं असंल."

"चुकून बी न्हाई घातलं."

"तुला काय म्हायती?" सूर्यभान चिडले. खरं तर स्वतःवरच चिडले होते. "साडेपाचशे अंक हायेत हे!"

"घड्या कोण घालायचं? प्रेसमधून गठ्ठा आला की आधी कार्यक्रमाचं पान बघायचे मी. मग घडी घालायचे."

संघप्रियानं मान खाली घातली, तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं.

"मग एकदा तरी बोलायचं होतंस, सत्यशीला. एका शब्दानं."

"माझं नाव छापा म्हणून तुमच्या दारात कुणी आलं, की तुमी मागं त्याला काय काय बोलायचात, ऐकलंय की मी." त्या खाली बसल्या आणि सुटे अंक सालवार लावायला लागल्या. "वाटायचं, आपणहून ध्यानात येईल तुमच्या. ह्या अंकात न्हाई तर पुढल्या अंकात."

सत्यशीलाबाईंनी गठ्ठ्याला सुतळी बांधली.

"शेवटचा अंक आला त्या दिवशी मी लय रडले होते, आठवतंय का? तुमी पाठीवरून हात फिरवत समजूत घालत होतात. म्हणलात, अगं, मासिक हाय, कधी ना कधी बंद पडायचंच."