आधी उतरा
आमच्या कोटागेडेच्या गल्ल्यांत सायकलवरून उतरून चालायचं, कारण दारादारांत वडीलधारी माणसं बसलेली असतात. मीही दारात बसून बाटिकच्या कापडावर मेणाची नक्षी काढत होते. तेवढ्यात सुलास्त्री सायकलवरून सहा परदेशी पाहुण्यांना योग्याकार्ता शहर दाखवत आली. आज तिची गाइडची परीक्षा होती. तिच्यासोबत पाहुणेही उतरले. परीक्षक हर्जोनो मात्र सीटवरच राहिले. “वीस मिनिटांत राजवाडा बंद होईल. पाहुण्यांना तो दिसला नाही तर तू नापास. चल, चढ सायकलवर.” सुलास्त्रीने आपली सायकल त्यांच्यासमोर आडवी लावली. “नापास करा, साहेब. पण आधी उतरा.” ते घड्याळ दाखवू लागले. “हर्जो, या गल्लीत चालायला तुलाही मीच शिकवलं ना?” मी विचारलं. ते ओशाळून उतरले, वाकून मला म्हणाले, “जाऊ का, आजी?” आणि सुलास्त्रीला, “पाहुण्यांना सांग, राजवाडा उद्या.”