कायझर्सलाउटर्नचा कौल

"काकांना दहा मतं, तुम्हाला एक," तिथे शिकणाऱ्या रोहनने फोनवर सांगितलं.

ड्रेस्डेनच्या घरी ऊर्मिला मटकन खुर्चीत बसली. जर्मनीतल्या मराठी मंडळाचा अध्यक्ष निवडायला प्रत्येक शहर वेगवेगळ्या रविवारी मत देई. पहिला मान कायझर्सलाउटर्नचा. तिथले मतदार मूठभर, बहुतेक विद्यार्थी. आणि ती उभी होती विद्यार्थ्यांसाठीच. गेल्या हिवाळ्यात शार्दूल नावाचा मुलगा आपल्या खोलीत आजारी पडून गेला आणि कित्येक दिवस कुणाला पत्ताच नव्हता. एकट्या राहणाऱ्या प्रत्येकाची एका मराठी घराने रोज चौकशी करायची, एवढंच तिचं म्हणणं होतं.

विरोधात श्यामकांत काका. कायझर्सलाउटर्नचेच, निवृत्त इंजिनिअर. नुसती लढत दिसावी म्हणून लोकांनी त्यांना उभं केलेलं. गणपतीपलीकडे आता काही झेपत नाही, असं ते स्वतःच सांगत.

"मुलांना नकोय का हे?" तिने विचारलं.

"आल्झो... म्हणजे, मलाही कळत नाहीये, ताई." रोहनने घाईने फोन ठेवला.

निकाल लगेच ग्रुपवर पडला. ज्यांच्यासाठी योजना त्यांनीच नाकारली, म्हणजे कुठेतरी पाणी मुरतंय, असं बॉनच्या मंडळींनी ठरवून टाकलं. "पुढच्यास ठेच, मागचा शहाणा," स्नेहलताकाकूंनी लिहिलं. कालपर्यंत ऊर्मिलाचा प्रचार करत होत्या त्याच या. पुढच्या रविवारी बॉनही काकांकडे गेलं.

ड्रेस्डेनच्या मतदानाआधीच ऊर्मिलाने माघार घेतली. हरल्याचं तिला फारसं वाटलं नाही. पुन्हा कुणाचं असं होऊ देणार नाही, हा शार्दूलच्या आईला दिलेला शब्द मोडला, ते मात्र झोपू देईना.

काकांच्या सत्काराला ती गेली. न जाणं बरं दिसलं नसतं. चहा घेताना रोहनला राहवलं नाही.

"ताई, तुम्ही निवडून येणारच होतात. काकांना भोपळा मिळायला नको म्हणून मी माझं मत त्यांना दिलं."

त्याच्यासोबत शिकणाऱ्या क्षितिजाने कप खाली ठेवला. "तूपण?"

टेबलाभोवतीच्या सगळ्याच मुलांच्या माना खाली गेल्या. भीड भिकेची बहीण म्हणतात, ते काही उगाच नाही. ऊर्मिलाला रागही धड येईना.

"मग मला मिळालेलं ते एक मत कुणाचं?"

श्यामकांत काकांनी गळ्यातला हार उतरवून ठेवला.

"माझं," ते म्हणाले. "तुझी काकू गेल्यापासून मीही एकटाच असतो गं."