सुकन्याचा डाव

बोळा टोपलीच्या काठावर आपटून बाहेर पडला आणि जाहिदाने मोबाइलला एक शिवी हासडली.

"हळू सोड," जेवायला घरी आलेला तिचा नवरा रियाज म्हणाला. "गिऱ्हाइकाच्या हातात बांगडी कशी चढवतेस, तसं."

"बांगडीला पंख्याचा वारा लागत न्हाई," ती म्हणाली आणि पुन्हा अंगठा टेकवला.

खेळ तसा पोरकटच. पडद्यावर एक कचऱ्याची टोपली, शेजारी फिरता पंखा, आणि अंगठ्याने कागदाचा बोळा फेकायचा. आपला डाव झाला की समोरच्याच्या फोनवर जातो, जसा खेळला तसा दिसतो. तो आपल्या गावी बसून सवडीने खेळतो. नांदेडच्या कॉलेजात मागच्या बाकावर बसून सुमय्या आणि सुकन्या हाच खेळ खेळायच्या. सुमय्याची एक खोड होती. ती बोळा सरळ टाकायचीच नाही. मागच्या भिंतीला टेकवून टोपलीत पाडायची. जाहिदाला नेमकं तेच जमत नव्हतं, आणि तेच जमायला हवं होतं.

कारण सुमय्या आता नव्हती. स्कूटीला टेम्पोने उडवलं तेव्हा जाहिदाची लेक जागीच गेली. मागे बसलेली सुकन्या तेवढी वाचली. तिला लातूरच्या दवाखान्यात ठेवलं होतं. सुमय्याचा चाळिसाव्या दिवसाचा फातिहाही झाला नव्हता, तेव्हा सुकन्याच्या आईचा, साखराबाईचा, फोन आला होता.

"भाभी, कोन्या तोंडानं बोलू? पोरगी सारखं सुमय्याचंच इचारून राहिली. डाक्टर म्हनले, इतक्यात धक्का देऊ नका. मी सांगितलं, सुमय्याच्या जबड्याला तार बांधलीय, बोलता येत न्हाई. तर म्हनती, बोळ्याचा खेळ तरी खेळंल की. तिचा फोन हाय ना तुमच्याकडं?"

जाहिदाच्या अंगावर काटा आला. गेलेल्या लेकीच्या नावाने खेळायचं!  तरी म्हणाली, "हाव. माझी गेली. तुमची तरी राहू द्या."

तेव्हापासून कंधारच्या त्या घरात चूल मागे पडली आणि बोळा पुढे आला. जाहिदा फेकायची, हरायची, पुन्हा फेकायची. जिंकली की सुकन्या एक हसरं तोंड पाठवायची. ते पाहिलं की जाहिदाला रडूही यायचं आणि बरंही वाटायचं. हळूहळू बोळा भिंतीला टेकू लागला, टोपलीत पडू लागला. सुकन्याला कसलाच संशय आला नाही.

मग एकाएकी डाव यायचा थांबला.

जाहिदाच्या घशाखाली घास उतरेना. रियाज बांगड्यांचा माल आणायला म्हणून लातूरला गेला आणि रिकामी पिशवी घेऊन परतला. "भाव चढलेत," एवढंच बोलला. मोरीवर बराच वेळ तोंड धूत राहिला, मग तिच्याजवळ येऊन बसला.

"दवाखान्यात जाऊन आलो. ऑपरेशन झालंय पोरीचं. डाव येईल तिचा. तू नक्को जाव, कुणालाच भेटू देत न्हाईत."

त्या दिवसापासून जाहिदाचा स्वतःचा फोन तोच चार्जिंगला लावू लागला, आलेले मेसेजही आधी तोच बघू लागला.

आणि खरंच डाव आला, भल्या पहाटे. पण काय तो डाव! एकही बोळा टोपलीच्या आसपास गेला नाही. हसरं तोंडही आलं नाही. लेकराच्या हातात त्राणच उरलं नाही म्हणून जाहिदा पदर तोंडाशी धरून रडली. एरवी दुपारी खेळणारी पोर आता बहुतेक पहाटेच खेळायची. दुखण्यात झोप कुठली लागतेय, असं जाहिदाने मनाशी म्हटलं.

तिने मुद्दाम चुकवायला सुरुवात केली. लेकराचा धीर सुटायला नको. पुढे एक बोळा काठाला लागला. मग एक आत पडला. मग दोन. जाहिदा जेवू लागली, दुकानात जाऊन बसू लागली.

"हात सुधरून राहिला तिचा," ती रियाजला सांगायची. तो "हूं" म्हणायचा आणि ताटाकडे बघत राहायचा.

साखराबाई फोनवर म्हणायची, "हाय बरी. चाकूरला घरी आनलीय. आत्ताच डोळा लागलाय तिचा." केव्हाही फोन करा, पोरगी झोपलेलीच असायची. झोपू दे, जाहिदा म्हणायची, झोपेनेच अंग भरून येतं.

एका पहाटे सुकन्याने तिला हरवलं. चुकवाचुकवी न करता, चांगलं धुऊन काढलं. आणि शेवटचा बोळा भिंतीला टेकवून टाकला, हुबेहूब सुमय्यासारखा. जाहिदा मोठ्याने हसली. लेक गेल्यापासून पहिल्यांदाच हसली.

म्हणजे पोर बरी झाली. आता हे नाटक पुरे. खरं सांगायचं, पण आपल्या तोंडाने, तिला पोटाशी धरून. रियाज दुकानात गेल्यावर तिने हिरव्या बांगड्यांची जोडी कागदात गुंडाळली, सुमय्याचा फोन पिशवीत टाकला आणि बस धरली. अहमदपूरला गाडी बदलताना आपला डाव खेळून टाकला. आपण पोचेपर्यंत तेवढीच पोरीला करमणूक.

चाकुरात विचारत विचारत घर सापडलं. दार उघडंच होतं. आत साखराबाई दाराकडे पाठ करून एकटीच बसली होती. नाकावर चष्मा, हातात मोबाइल, अंगठ्याला वाळलेलं शेण.

"टेक गं माय भिंतीला," ती पुटपुटली आणि तिने अंगठा वर सरकवला.

जाहिदाच्या पिशवीतला फोन वाजला. साखराबाईने दचकून मागे पाहिलं. जाहिदा तिच्याकडे बघतच नव्हती. समोरच्या भिंतीवर सुकन्याचा फोटो होता, आणि त्यावरचा झेंडूचा हार कधीचाच वाळून काळा पडला होता.