बॅट लागली होती

“साहेब, माझा बाप तुमच्या पलटणीत होता,” पद्मिनीबाई एकदाच्या बोलून गेल्या, आणि मग त्यांचं त्यांनाच हसू आलं. सवयीने त्यांनी तोंडावर हात धरला. ऐंशी वर्षांची बाई, पण जणू दहावीच्या तोंडी परीक्षेला उभी आहे.

फ्रिस्कोच्या क्रिकेट ग्राउंडच्या कडेला, एका झाडाखाली, कॅप्टन ॲशबी घडीच्या खुर्चीत बसले होते. शंभरी ओलांडलेला इंग्रज. इथे लेकीकडे राहायचा. टेक्ससच्या त्या भाजून काढणाऱ्या उन्हातसुद्धा गळ्यात टाय! महायुद्धात इटलीला मराठा पलटणीत अधिकारी, आणि युद्ध संपल्यावर काही वर्षं कौंटीचे हौशी खेळाडू. म्हणजे खेळायचं, पण खेळण्याचा छदामही घ्यायचा नाही. दर शनिवारी आपली देशी पोरं इथे सामने खेळायची आणि साहेब दोन्ही बाजूंना सारख्याच टाळ्या वाजवायचे.

पोरांमध्ये साहेबांच्या शब्दाला भारी मान. कॅच धरला की टप्पा पडला, यावर भांडण जुंपलं की अंपायर राहायचा बाजूला आणि सगळ्यांच्या माना त्या खुर्चीकडे वळायच्या. कारण तसंच होतं. एकदा हा माणूस नव्व्याण्णववर खेळत होता. चेंडू बॅटची कड घेऊन कीपरच्या हातात गेला. कोणाला आवाज आला नाही, कोणी अपील केलं नाही. अपीलच नाही तर अंपायर बोट कशाला वर करतोय? तरी साहेब बॅट काखेत मारून तंबूत निघून गेले. शतक पुन्हा कधी झालंच नाही. का गेलात म्हणून विचारलं की एवढंच म्हणायचे, “बॅट लागली होती. मला ठाऊक होतं ना!” पद्मिनीबाईंचा मुलगा प्रसाद टीमचा कॅप्टन. ही गोष्ट तो घरी इतक्यांदा सांगायचा की पद्मिनीबाईंना ती पाठ झाली होती.

साहेबांना मराठी यायचं. शिपायांना हुकूम देता देता शिकलेलं मराठी, त्यामुळे सगळ्यांना सरसकट ‘तू’. मागच्या शनिवारी ओळख झाली तेव्हा पद्मिनीबाईंनाही त्यांनी “बस, तू बस” म्हणून शेजारची खुर्ची दाखवली होती. प्रसाद ओशाळला, पण बाईंच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. त्यांना ‘तू’ म्हणणारं माणूस या जगात उरलंच कुठे होतं?

त्याच दिवशी साहेबांनी आपली हकीकत रंगवून सांगितली. ख्रिसमसच्या आदल्या दिवशी, गुडघाभर बर्फातून, विशीतलं पोर पलटणीत दाखल झालं ती. पद्मिनीबाईंनी सगळी ऐकली आणि आठवडाभर घरात कोणाशी धड बोलल्या नाहीत.

आणि आज हा प्रश्न.

“बाबाजी मोहिते. पाटणचे,” त्या म्हणाल्या. “इटलीतच गेले, आखाडात. मी पाळण्यात होते. त्यांचा साधा फोटोही नाही हो घरात. आजी मला पांढऱ्या पायाची म्हणायची. आली ती बापाला खाऊनच आली, म्हणायची. मला एकच सांगा साहेब. मी झाल्याचं त्यांना कळलं होतं का? आईने चिठ्ठी धाडली होती, पण ती पोचली का, ते तिला मरेपर्यंत कळलं नाही.”

मैदानात कोणीतरी चौकार मारला, पोरांनी आरडाओरडा केला. साहेबांची टाळी काही वाजली नाही. ते पद्मिनीबाईंच्या तोंडाकडे बघत राहिले. मग त्यांनी टायची गाठ नीट केली.

“बाबाजी,” ते म्हणाले. “उंच. बाउंड्रीवरून चेंडू फेकला की सरळ स्टंपवर. चिठ्ठी आली. मुलगी झाली, मुलगी झाली, करत सगळ्या कंपनीत फिरला. साखर वाटली, आपल्या रेशनची. मला पण दिली.” त्यांनी हात उचलून आपल्या तोंडावर धरला. “आणि हसला असा. तुझ्यासारखा.”

पद्मिनीबाई तिथेच, भर दुपारी, लहान पोरीसारख्या हुंदके देऊन रडल्या. ऐंशी वर्षांचं साचलेलं सगळं बाहेर आलं. साहेब त्यांच्या पाठीवर थोपटत राहिले.

घरी जाताना प्रसाद गाडी चालवत होता. दोन सिग्नल जाईपर्यंत आईने त्याला साहेबांचं सगळं बोलणं सांगितलं. शेवटी न राहवून म्हणाला, “आई, एक बोलू? रागावू नकोस. आजोबा जुलैमध्ये गेले. साहेब पलटणीत आले त्यानंतरच्या ख्रिसमसला. म्हणजे त्यांनी आजोबांना कधी...”

“बघितलंसुद्धा नव्हतं,” पद्मिनीबाई शांतपणे म्हणाल्या. “मागच्या शनिवारीच कळलं मला ते.”

“मग विचारलंस कशाला?”

“दुसरं कोण राहिलंय रे विचारायला?”

“पण साहेब! ते आणि खोटं? त्यांना तर...”

पद्मिनीबाईंनी पदराने डोळे पुसले. मग हसल्या, पण या वेळी तोंडावर हात धरला नाही.

“अरे, बॅट लागली होती, ते त्यांनाही ठाऊक होतं आणि मलाही. जन्मात पहिल्यांदा तो माणूस क्रीज सोडून गेला नाही, माझ्यासाठी उभा राहिला. मी कशाला अपील करू?”