माहेरचा शब्द

"ओऽरि ताबोऽरि!" माहो माइकवर म्हणाली, पांढरा हातमोजा घातलेला हात छातीशी नेला आणि बसमधल्या चाळीस पाहुण्यांपुढे कमरेत वाकली.

पहिल्या बाकावर तिची परीक्षा घ्यायला बसलेल्या कात्सुएची पेन्सिल थांबली.

इथे, जपानच्या दक्षिण टोकाच्या इशिगाकी बेटावर, "ओऽरि तोऽरि" म्हणतात. 'या, यावं', एवढाच अर्थ. सव्वीस वर्षं बसगाइड म्हणून कात्सुए रोज सकाळी हेच म्हणत आली होती, कंपनीच्या वहीत तसंच होतं. 'ताबोऽरि' म्हणतात ते पलीकडच्या छोट्या बेटावर, तिच्या आईच्या माहेरी. तिथेही आता म्हणणारी दहा-वीस म्हातारी माणसं उरली असतील. आणि ही बया साइतामाची! जिच्या जिल्ह्याला समुद्रसुद्धा नाही! हिने कुठून उचलला हा शब्द?

उत्तर काबिरा खाडीच्या वळणावर मिळालं. उजव्या हाताला हिरवंनिळं पाणी दिसू लागलं तशी माहोने हात लांब करून ते दाखवलं आणि एक अंगाई म्हटली. जुन्या बोलीतली, संथ. "मला एका ओबांनी, इथल्या एका आजींनी, शिकवली ही. दर रविवारी जाते मी त्यांच्याकडे."

ओसाकाच्या एका बाईने चक्क रुमाल काढला. ड्रायव्हर ओहामा आरशातून म्हणाला, "काय गं कात्सुए, डोळे मिटले तर तुझी आईच गातेय असं वाटतं!"

"तू डोळे उघडे ठेव आणि गाडी चालव," कात्सुए म्हणाली.

ती ओबा म्हणजे आपलीच आई, हे कळून तिच्या अंगाचा तिळपापड झाला होता. आईने तिला कधी अंगाई म्हटली नव्हती. माहेरची बोली तर शब्दानेही नाही. लहानपणी विचारलं की आई म्हणायची, "विसरले." नोकरी लागल्यावर कात्सुएने अक्षरशः हात जोडले, तर म्हणाली, "वहीत दिलंय ना, तेच पाठ कर." पोटच्या पोरीपुढे विसरली, आणि वर्षभरापूर्वी विमानातून उतरलेल्या पोरीला अंगाई! कात्सुए जळत होती. आपण जळतोय हे तिला कळत होतं, आणि त्यामुळे ती आणखीच जळत होती.

गुणांच्या कागदावर तिने हसण्याला पसंतीचा गोल दिला, आवाजाला गोल, वेळेलाही. 'बोली' या ओळीवर मात्र फुली मारली. एक फुली पडली की बेटाची ही दिवसभराची फेरी मिळायची नाही, पुन्हा तीन महिने उमेदवारी. मारताना तिला बरं वाटलं. खोटं कशाला बोला!

जेवणाच्या थांब्यावर पाहुणे आत सोबा शेवया खायला गेले. या दोघी डबे घेऊन बाहेर सावलीत बसल्या.

"रविवारी माझी ड्यूटी असते, तेव्हा जातेस होय आमच्याकडे?"

माहोने जेवायच्या काड्या खाली ठेवल्या. "कात्सुएला सांगू नकोस, असं ओबांनीच सांगितलं होतं. चुकलं माझं, कात्सुए-सान."

"चुकलंच. हे बघ." कात्सुएने कागद पुढे सरकवला. "इथे असं बोलत नाहीत."

पोरगी रडेल असं तिला वाटलं होतं. माहोने फुली पाहिली आणि कसनुसं हसली. "ओबांनी बजावलं होतं. बाहेर बोलू नकोस पोरी, या शब्दाला शिक्षा होते. पण सकाळी माइक हातात आला आणि तोंडून तेच निघालं."

"कसली शिक्षा?"

"ओबांच्या लहानपणी शाळेत नव्या बाई आल्या, तेव्हा ओबा धावत पुढे गेल्या आणि म्हणाल्या, ओऽरि ताबोऽरि. बाईंनी त्यांच्या गळ्यात पाटी अडकवली. दुसरं कुणी घरची बोली बोलताना सापडेपर्यंत उतरवायची नाही. बाकीच्या मुली तोंड शिवून बसल्या. अकरा दिवस पाटी ओबांच्याच गळ्यात होती."

त्या पाटीची गोष्ट कात्सुए रोज दुपारी पाहुण्यांना सांगायची. वहीत चौदाव्या पानावर होती. सांगताना आवाज कुठे खाली आणायचा, तेही लिहिलेलं होतं. ती पाटी आईच्याही गळ्यात असेल, हे सव्वीस वर्षांत तिच्या मनातही आलं नव्हतं.

"मग मला का नाही सांगितलं तिने?"

"मीही विचारलं होतं. म्हणाल्या, माझ्या पोरीच्या गळ्यात काही यायला नको. तू परकी आहेस, तुला कोण काय करणार?"

कात्सुएने रबर काढलं आणि फुली खोडली. घासून घासून कागद पातळ झाला, पण खूण काही जाईना. शेवटी तिने त्या खुणेवरच गोल काढला. मनातली जळजळ मात्र तशीच होती. अकरा दिवसांची गोष्टसुद्धा आधी हिलाच कळली होती.

"माझ्याबद्दल काही बोलते का ती?"

"बोलतात की! सारखं तुमचंच चाललेलं असतं. पण नाव नाही घेत तुमचं. त्यांच्या बोलीत म्हणतात..." आणि माहोने एक शब्द उच्चारला.

लहानसाच होता. कात्सुएने तो मनातल्या मनात दोनदा म्हणून पाहिला. तिला माहीत असलेल्या कुठल्याच पानावर तो नव्हता.

ओहामाने भोंगा वाजवला. पाहुणे बसकडे निघाले, जाता जाता कुणीतरी कात्सुएला वाकून नमस्कार केला, तिला तो परत करायचंही सुचलं नाही. ती साइतामाच्या पोरीच्या आणखी जवळ सरकली आणि आजूबाजूला कुणाला ऐकू जाणार नाही अशा बेताने म्हणाली,

"म्हणजे काय गं?"