नदीवरचा सूर्य

थायलंडहून निनादचा ‘गुड मॉर्निंग’चा फोटो रोज पहाटे यायचा, आणि रोज त्यात नदीवर टेकलेला सूर्य. परळच्या सुलभाताईंच्या मनात पाल चुकचुकली. पाण्यावर सूर्य म्हणजे संध्याकाळ, हे दादर चौपाटीवर लहानाची मोठी झालेल्या बाईला कोण शिकवणार? “जुने फोटो पाठवून आईला गंडवतोय. रात्रभर उंडारून झोपत असेल मेला!”

आज त्यांनी पहाटेच व्हिडिओ कॉल लावला. “आत्ताच्या आत्ता बाहेरचं दाखव.”

निनादने काही न बोलता मोबाइल खिडकीकडे वळवला. तीच नदी, आणि तिच्यावर उगवणारा तोच सूर्य. कॉल कट झाला.

“खरं बोलत होता हो पोरगा,” सुलभाताई ओशाळून नवऱ्याला म्हणाल्या.

माधवराव मोबाइलवर नकाशा उघडून बसले होते. निनादच्या नोकरीचं गाव थायलंडच्या पश्चिम टोकाला. गावाच्या पश्चिमेला ती नदी, आणि नदीपलीकडे म्यानमार.

“अगं, थायलंडच्या काठावरून त्या नदीवर सूर्य फक्त मावळताना दिसेल,” ते कसेबसे म्हणाले. “नोकरीच्या नावाखाली आपल्या पोराला पलीकडे नेऊन डांबलंय. तोंडाने सांगता येत नाही, म्हणून रोज दाखवतोय.”