पाण्यातली पाठ

सत्तरीतही धाकटीला लाज कशी ती नव्हती. पन्नास वर्षांनी बहिणीच्या दारात आली, तीसुद्धा पाठीवर नुसती नाडी बांधलेला ब्लाऊज घालून.

"शिंप्याकडचं कापड संपलं होतं का गं?" थोरलीनं विचारलं.

"उकडतं गं ताई."

थोरलीचा ब्लाऊज बारा महिने मानेपर्यंत बंद. सुनांनाही तोच दंडक. धाकटी सिनेमात गेली, तेही नको त्या सिनेमांत. पोस्टरांना लोकांनी डांबर फासलं, तेव्हापासून या घरात तिचं नाव काढायची सोय नव्हती. आता तिला डोकं टेकायला जागा उरली नव्हती, आणि सगळं थोरलीच्या एका शब्दावर अडलं होतं.

"राहू दे ना आजी," नात म्हणाली. ही लाडकी. रविवारी आजीच्या पाठीला तेल चोळायचा मान फक्त तिचा.

"हिचे उद्योग ठाऊक नाहीत तुला."

"मग बघूया की. तिचा तो सिनेमा मिळवलाय मी."

"लाव. बघ आपल्या डोळ्यांनी." तो बंदी आलेला सिनेमा थोरलीनंही कधी पाहिला नव्हता.

नातीनं पडदे ओढले, प्रोजेक्टर लावला. भिंतीवर एक तळं हललं. त्याचा उजेड छतावर, उशांवर, तिघींच्या अंगावर डुलू लागला. विशीतली धाकटी काठावर येऊन हसली. मग नुसती पाठच दिसली. उघडी, ओली, झोपेत चालल्यासारखी पाण्यात उतरणारी. याच पाठीपायी थिएटरवर दगड पडले होते.

"शूटिंगला तू सोबत जायचीस ना आजी?"

"डबा घेऊन. हिच्याकडे कुणी वाकडं बघू नये म्हणून."

"मला तर पाणी बघूनच कापरं भरायचं," धाकटी हळूच म्हणाली. "ताई होती म्हणून निभावलं."

पाणी कमरेला लागलं. डाव्या खांद्याखाली भाजल्याचा डाग चमकला, चंद्रकोरीएवढा. नातीची बोटं मांडीवर आपोआप हलकी झाली, रविवारी त्या जागी आली की व्हायची तशी. मग तिनं धाकटीच्या पाठीकडे पाहिलं. नितळ. एक ओरखडा नाही.

थोरलीनं मानेपाशीचं बटण चाचपलं.

"राहा," ती धाकटीला म्हणाली. "पण उद्यापासून ब्लाऊज माझे घालायचे."